शालनबाईंची दुसरी चौकशी

निघोज्याची शालन तळपे पहिल्यांदा आमच्याकडे आली ती चौपन्न सालची दिवाळी सरल्यावर. मी त्या वेळी खेडला उद्धवराव वकिलांकडे कारकून होतो. कोर्टाला सुट्टी होती, वकीलसाहेब गावी गेलेले, आणि मी एकटाच जुनी दप्तरं झटकत बसलो होतो. वीसेक वर्षांची मुलगी, अंगावर पाचवारी पातळ, पायांत चपला, हातात लिफाफा. तिचा बाप मुरारी तिच्यामागे दारातच उभा राहिला. दोनदा या म्हटलं तरी आत आला नाही.

आत इंग्रजी पत्र आहे, असं ती म्हणाली. तीन जणांकडून वाचून घेतलं, तिघांनी तीन अर्थ सांगितले. आता कायद्यातल्या माणसाकडून ऐकायचंय.

पत्र अकरा ओळींचं होतं. मी सावकाश वाचलं आणि जसं होतं तसं सांगितलं. शालन मुरारी तळपे हिला महादेव कोळी या अनुसूचित जमातीची म्हणून दिलेला दाखला चौकशीअंती रद्द करण्यात येत आहे. ट्रेनिंग कॉलेजात राखीव जागेवर दिलेला प्रवेशही त्याच तारखेपासून रद्द.

तिनं पत्र परत हातात घेतलं. मग म्हणाली, "म्हणजे मी कोण आहे असं लिहिलंय यात?"

"तुम्ही कोण ते लिहिलेलं नाही," मी म्हणालो. "कोण नाही, एवढंच लिहिलंय."

बाहेर मुरारीनं हे ऐकलं असावं. तो उंबऱ्यावर बसला आणि डोक्याचा पटका काढून मांडीवर ठेवला.

मुरारीची हकिकत मला नंतर अर्जासाठी उतरवून घ्यावी लागली, म्हणून ती पाठच झाली आहे. त्याचं मूळ भीमाशंकरच्या डोंगरातल्या महादेव कोळ्यांच्या एका वाडीचं. मानमोडीच्या साथीत आठ दिवसांत आई, बाप आणि पाठचा भाऊ गेला. मुरारी तेव्हा सात वर्षांचा. थोरली बहीण सारजा लग्न होऊन दुसऱ्या वाडीत गेलेली. एका चुलत्यानं पोराला खाली आणलं आणि निघोज्याच्या पाटलांकडे गुरं राखायला ठेवलं. चुलता परत गेला तो पुन्हा दिसला नाही. गावानं विचारलं, कोण रे तू? पोरगा म्हणाला, कोळी. त्याला तेवढंच ठाऊक होतं. गावालाही तेवढंच पुरलं.

मुरारी मोठा झाला तसा पावसाळ्यात इंद्रायणीवर माणसं उतरवायचं काम त्याच्याकडे आलं. होडी कुठली असायला? गुऱ्हाळातली रस उकळायची मोठी काहील पाण्यात सोडायची, चार माणसं बसवायची आणि पोहत ढकलत पलीकडे न्यायची. काहील पाटलांची होती. कोळी म्हणजे पाण्यातला माणूस, हे गावानं धरून चाललेलं, म्हणून काम मुरारीला दिलं. प्रत्यक्षात त्याला पोहायला गावातल्याच पोरांनी शिकवलं होतं. डोंगरात त्यानं ओढ्यापेक्षा मोठं पाणी पाहिलं नव्हतं.

पुढे लग्न ठरायची वेळ आली. डोंगरातून या अनाथाला कोण मुलगी देणार? आळंदीच्या नदीवरच्या कोळ्यांनी त्याला पसंत केलं आणि रुक्मिणी त्यांच्यातून आली. तेही कोळीच, पण वेगळे. त्यांचा धंदा नावेचा आणि पाण्याचा, आणि सरकारनं पुढे केलेल्या जमातींच्या यादीत त्यांचं नाव आलं नाही. त्या वेळी यादीही नव्हती आणि हा फरक कुणी मोजतही नव्हतं.

शालन ही त्यांची एकुलती मुलगी. गावच्या शाळेत नाव घालताना गुरुजींनी रजिस्टरात लिहिलं, हिंदू कोळी. मुलगी हुशार निघाली. सातवीची फायनल पास झाली, कुरुळीच्या शाळेत कच्ची शिक्षिका म्हणून लागली. आजूबाजूच्या गावांत एवढी शिकलेली कोळ्याची मुलगी दुसरी नव्हती. मोठी मोठी माणसंही तिला शालनबाई म्हणू लागली. ट्रेनिंग केल्याशिवाय नोकरी पक्की होणार नव्हती. पुण्याच्या ट्रेनिंग कॉलेजात डोंगरातल्या जमातींसाठी जागा राखून ठेवल्याचं तिला एका शाळा-तपासनिसानं सांगितलं. मुरारीला बापाचं गाव ठाऊक होतं, तिथल्या पोलीस पाटलाची चिठ्ठी त्यानं आणली, तालुक्याहून दाखला मिळाला. त्रेपन्न साली ती पुण्याला गेली आणि पहिलं वर्ष चांगल्या गुणांनी पास झाली.

मग तिचा दाखला खोटा असल्याचा कुणीतरी निनावी अर्ज केला. कुणी केला ते मला कधीच कळलं नाही. त्यानंतर आम्ही त्या प्रकरणाचा कागद न् कागद पाहिला, पण तो अर्ज काही आम्हाला कुणी दाखवला नाही.

पहिली चौकशी कशी झाली ते शालनबाईंनी मला त्याच दिवशी सांगितलं. चाकणच्या सरकारी बंगल्यात बोलावणं आलं. टेबलापलीकडे एक साहेब, बाजूला लिहिणारा. साहेबांनी विचारलं, कुलदैवत कोणतं? ती म्हणाली, निमगावचा खंडोबा. देवक काय? तिला माहीत नव्हतं. मयताला तुमच्यात काय करतात? तिनं घरात मयत पाहिलं नव्हतं. वाघाला पुजता का? नाही. डोंगरात कधी राहिलीस? नाही. साहेबांनी मान हलवली आणि लिहिणाऱ्याला इंग्रजीत काही सांगितलं. वीस मिनिटांत काम झालं. पुढे आम्ही नक्कल काढली तेव्हा ते काय होतं ते कळलं. साहेबांनी सांगितलं होतं, बाई शुद्ध पुणेरी भाषा बोलतात, राहणी डोंगरी जमातीसारखी नाही.

ती भाषा तिनं वर्षभर कॉलेजात घासून घासून कमावली होती. "हाय"ला "आहे" म्हणताना पहिल्या महिन्यात मुली हसायच्या, असं तिनं मला एकदा सांगितलं.

तिच्या माघारी साहेब निघोज्यालाही जाऊन आले होते. तिथं दौलतराव पाटलांचा जबाब घेतला. दौलतराव सरळ माणूस. मुरारीला लहानपणापासून सांभाळणाऱ्या घरातला. त्यांनी विचारलं तेवढ्याचं उत्तर दिलं. मुरारी कोण? कोळी. धंदा? नदीवर माणसं उतरवतो. किती वर्षं? वीसेक. बायको कुठली? आळंदीची, नावाड्यांची. त्यांना वाटलं साहेब मुरारीच्या कामाची विचारपूस करतोय, कदाचित सरकार त्याला खरी नाव देणार. हे त्यांनी नंतर स्वतःच मला सांगितलं, आणि सांगताना त्यांना माझ्याकडे बघवेना.

वकीलसाहेब परतल्यावर मी सगळं त्यांच्यापुढे ठेवलं. ते म्हणाले, तालुक्यात याचं काही होणार नाही, मुंबईच्या हायकोर्टात रिट टाकावं लागेल, म्हणजे सरकारी हुकुमाविरुद्ध थेट अर्ज. त्या काळी आमच्या तालुक्यात रिट म्हणजे काय हे सांगायला दहा मिनिटं लागायची. राज्यघटना येऊन पाचच वर्षं झालेली. उद्धवरावांनी तोवर एकही रिट केलं नव्हतं. त्यांनी मुंबईच्या एका बॅरिस्टरांना पत्र लिहिलं, ते त्यांचे कॉलेजातले मित्र. मसुदा आमच्याकडे तयार झाला, तो मी चार वेळा उतरवला. मुरारीच्या प्रतिज्ञापत्रात लिहिलं, मी जन्मानं महादेव कोळी, माझी मुलगीही तीच, नदीकाठच्या कोळ्यांशी आमचा जातीचा संबंध नाही. लग्नाचं कुणी विचारलं नाही, आम्हीही लिहिलं नाही. मुरारीनं अंगठा उठवला. मजकूर मीच त्याला वाचून दाखवला होता. तो फक्त म्हणाला, "ह्ये रुक्मीला ऐकवू नगा."

दरम्यान ट्रेनिंगपुरती राखून ठेवलेली कुरुळीची नोकरीही गेली. दाखला खोटा ठरला म्हटल्यावर शाळाखात्यानं तिच्या जागी दुसरी बाई नेमली. शालनबाई घरी बसल्या. घरी म्हणजे आईबरोबर दौलतरावांच्या मळ्यात खुरपायला. मजुरीच्या बायका त्यांना अजूनही बाई म्हणायच्या, आणि त्यातल्या एकीनं सांगितलं की तेच त्यांना जास्त लागायचं.

छपन्न सालच्या जुलैत सुनावणी लागली. शालनबाई, मुरारी आणि मी असे तिघे मुंबईला गेलो. कोर्टात मागच्या बाकावर बसलो. सगळं इंग्रजीत चाललेलं. शालनबाईंना स्वतःचं नाव आणि कोळी हा शब्द, एवढंच कळत होतं. तो शब्द आला की त्या माझ्याकडे बघायच्या. आमचे बॅरिस्टर एकच मुद्दा धरून बोलले. या मुलीच्या माघारी जबाब घेतले, ते तिला दाखवले नाहीत, तिला उत्तर द्यायची संधी दिली नाही. न्यायमूर्तींनी सरकारी वकिलांना दोन-तीन प्रश्न विचारले. ते नुसते कागद चाळत राहिले. मग न्यायमूर्ती पंधरा मिनिटं बोलले आणि आत निघून गेले.

"झालं?" शालनबाईंनी विचारलं.

"झालं. चौकशी रद्द केली."

मुरारी उठून उभा राहिला आणि रिकाम्या खुर्चीला हात जोडून वाकला. पट्टेवाल्यानं त्याला खूण केली तरी तो तसाच होता.

निकालात पुढे लिहिलं होतं की सरकारनं कायद्याप्रमाणे नव्यानं चौकशी करावी. बॅरिस्टरांनी ते आम्हाला जिन्यातच समजावून सांगितलं. आम्ही माना डोलावल्या. पण खरं सांगायचं तर ते आमच्यापैकी कुणाच्या डोक्यात शिरलं नाही. चाकणला उतरल्यावर मुरारीनं पेढे घेतले. कॉलेज आता जूनला पुन्हा घेईल, का मधूनच घेईल, याच्यावर दोघं बापलेक एस.टी.त बोलत आले होते. दहा-बारा दिवसांनी शालनबाई पुण्याला कॉलेजात जाऊन आल्या. तिथं त्यांना सांगण्यात आलं की चौकशी पुरी होईपर्यंत थांबा.

त्या थांबल्या. सत्तावन्नच्या फेब्रुवारीत दुसरी चौकशी आली.

या खेपेला दुसरे साहेब होते. वयस्कर, सावकाश बोलणारे. आल्याबरोबर त्यांनी शालनबाईंना बसायला खुर्ची दिली. मुरारीलाही दिली. आधीचे सगळे जबाब, रजिस्टराचा उतारा, तपासनिसाचं पत्र, एकेक कागदाची नक्कल आम्हाला दिली आणि उत्तर द्यायला महिनाभर मुदत दिली. वकील आणायची परवानगी दिली, साक्षीदार आणायची दिली. आम्ही मागितलं ते सगळं दिलं. पहिल्या साहेबांवर मला राग काढता आला होता. या माणसावर कशाचा राग धरायचा, हे मला शेवटपर्यंत कळलं नाही.

आमच्याकडे साक्षीदार एकच होता, मुरारीची बहीण सारजाबाई. तिला आणायला मीच गेलो. वाडा गावापर्यंत एस.टी., पुढे पायी. सारजाबाई अंगणात बाळहिरडा वाळत घालत होती. साठीला आलेली, काटक, हिरव्या लुगड्याचा काष्टा. मी कोण, कशासाठी आलो ते सांगितलं. तिनं हात झटकले, शेजारणीला हिरड्यावर लक्ष ठेवायला सांगितलं आणि तशीच निघाली. वाटेत तिनं मला एकदाच विचारलं, "तिथं म्यां काय बोलायचं?"

मी म्हणालो, "आत्याबाई, शपथ घालतील. जे खरं असेल तेच सांगायचं."

आजही मला दुसरं काय सांगायला हवं होतं ते सुचत नाही. पण तेव्हा मी ते फार सहज बोललो.

दुसऱ्या दिवशी चाकणच्या त्याच बंगल्यात तिचा जबाब झाला. उद्धवरावांनी आधी विचारलं. तिनं बापाचं नाव, आईचं नाव, वाडीचं नाव, कुळ, देवक, सगळं न अडखळता सांगितलं. मुरारी माझा भाऊ, असंही सांगितलं. शालनबाईंच्या चेहऱ्यावर कितीतरी महिन्यांनी थोडा रंग दिसला. मग साहेबांनी विचारायला सुरुवात केली. आवाज अगदी मऊ.

"भावाला शेवटचं कधी पाहिलंत? म्हणजे तो लहान असताना?"

"साथीच्या सालाला. त्यो सात वर्साचा व्हता."

"मग पुन्हा कधी?"

"लई सालांनी आला. मिशा व्हत्या त्याला."

"मग ओळखलंत कसं? चेहऱ्यावरून?"

सारजाबाईनं मुरारीकडे बघितलं. मुरारी खाली बघत होता.

"चेहऱ्यावरून न्हाई," ती म्हणाली. "त्यानं आईचं नाव सांगितलं. घरामागच्या आंब्याचं सांगितलं. मग म्यां म्हटलं, ह्यो आपलाच."

"आईचं नाव, आंब्याचं, हे दुसऱ्या कुणालाही कळू शकलं असतं?"

"कळलं असतं की."

साहेबांनी लिहिणाऱ्याला ते लिहून घेऊ दिलं. नंतर विचारलं की मुरारीच्या लग्नात तुमच्याकडून कोण होतं. कुणी नव्हतं. तुमच्या घरची मुलगी यांच्या गोतात दिली का, यांच्याकडची केली का? न्हाई. तुमच्या जातीच्या बैठकीला मुरारी कधी बसला का? त्यो कधी आलाच न्हाई, आन् आमीबी बोलावला न्हाई.

मग त्यांनी मुरारीला त्याच्या लग्नाचं विचारलं. मुरारीनं खरं ते सांगितलं. उद्धवराव उठून म्हणाले की कायद्यानं जात बापाकडून येते, बायको कुठली यावर ती ठरत नाही. साहेब म्हणाले, तुमचं म्हणणं बरोबर आहे, ते मी नोंदवतो. आणि त्यांनी ते खरंच नोंदवलं.

बंगल्यातून बाहेर पडल्यावर शालनबाईंनी आत्याला शेजारच्या घरून पाणी आणून दिलं. स्टँडवर नेऊन वाड्याच्या गाडीत बसवलं. सारजाबाईनं खिडकीतून तिचा हात धरला.

"माज्या बोलण्यानं काम झालं न्हवं, पोरी?"

"झालं, आत्या," शालनबाई म्हणाल्या.

अहवाल ऑगस्टात आला. चाळीस पानं. सगळ्यांचे जबाब जसेच्या तसे, नावं बिनचूक. निष्कर्ष असा की अर्जदाराचा बाप डोंगरातल्या त्या कुटुंबातलाच मुलगा आहे हे पुराव्यानं सिद्ध होत नाही. तो असला तरी चाळीस वर्षं त्या जमातीशी त्याचं रोटी-बेटीचं नातं राहिलेलं नाही. शाळेच्या नोंदीत नुसतं कोळी आहे, धंदा नदीचा आहे, सोयरीक नदीवरच्या कोळ्यांशी आहे. म्हणून दाखला रद्द.

उद्धवरावांनी अहवाल दोनदा वाचला. मुंबईला पाठवला. पंधरा दिवसांनी बॅरिस्टरांचं उत्तर आलं, त्यात पुन्हा रिट टाकायला जागा नाही असं होतं. त्या संध्याकाळी शालनबाई आणि मुरारी बोलावल्याप्रमाणे आले. वकीलसाहेबांना ही बातमी द्यायची होती आणि त्यांना ती देता येत नव्हती. ते चष्मा पुसत राहिले.

"मागच्या खेपेला आपण जिंकलो, कारण त्यांनी चूक केली होती," शेवटी ते म्हणाले. "तुमचं म्हणणं ऐकून घेतलं नव्हतं. या वेळी त्यांनी सगळं ऐकून घेतलंय."

"ऐकून घेतलं, पण मानलं नाही," शालनबाई म्हणाल्या.

"मानायचं की नाही हे त्यांच्या हातात आहे. हायकोर्ट त्यात हात घालत नाही. ते फक्त रीत पाळली की नाही एवढं बघतं."

"म्हणजे त्यांनी काही चुकवलं असतं तर आपल्याला बरं झालं असतं?"

"हो," वकीलसाहेब म्हणाले.

मग त्यांनी दुसरा रस्ता सांगितला. खेडच्या दिवाणी कोर्टात दावा लावता येईल, मी महादेव कोळी आहे असं जाहीर करून द्या म्हणून. पाच-सहा वर्षं चालेल. वर अपील. शालनबाईंनी विचारलं, पुरावा काय देणार? वकीलसाहेब म्हणाले, आहे तोच. त्या म्हणाल्या, मग आत्याला पुन्हा डोंगरातून आणावं लागेल. आणावंच लागेल, वकीलसाहेब म्हणाले.

"नको," त्या म्हणाल्या. मुरारीला त्यांनी विचारलंसुद्धा नाही. तो तसाच दारात बसलेला होता.

इथवर मला वाटत होतं की आता आणखी काही व्हायचं राहिलेलं नाही. ऐन दिवाळीत आळंदीहून रुक्मिणीबाईंचा भाऊ बाळाजी निघोज्याला आला. त्याच्या थोरल्या मुलाशी शालनचं लग्न करायचं हे दोन्ही घरांत तिच्या लहानपणापासून बोललेलं होतं. कोर्टाच्या नादात ते लांबत गेलेलं. मुलगा देहूरोडला लष्कराच्या कामावर होता आणि अजून थांबलेला होता. आता कॉलेज नाही, नोकरी नाही, तर हे तरी उरकून टाकावं म्हणून रुक्मिणीबाईंनीच निरोप धाडलेला. बाळाजी आला तो एक कागद घेऊन. मुरारीच्या प्रतिज्ञापत्राची नक्कल. ती त्याच्या हातात कुणी दिली, देव जाणे. कुणाकडून तरी वाचून घेऊन तो आला होता.

हे मला खुद्द रुक्मिणीबाईंनी सांगितलं. बाळाजी भांडला नाही. तो म्हणाला, "भावजी, तुमी कोर्टात लिहून दिलंय की आमचा तुमचा जातीचा संबंध न्हाई. मी चार माणसांत काय सांगू?" मुरारी म्हणाला की ते पोरीच्या शिक्षणासाठी होतं. बाळाजी म्हणाला, ते मला कळतं, पण आमच्यातल्या म्हाताऱ्यांना कळत नाही. जेवला नाही. बहिणीच्या हातचं पाणी तेवढं प्याला आणि गेला. तो मजकूर मी माझ्या हातानं लिहिला होता, हे मी रुक्मिणीबाईंना सांगितलं नाही. त्यांना ते माहीत असावं.

सरकारच्या लेखी शालनबाई डोंगरातल्या नव्हत्या, आणि नदीवरच्या माणसांनी आता त्यांना डोंगरातल्या ठरवलं होतं. मी एकदा उद्धवरावांना विचारलं की हे कुठल्या कोर्टात न्यायचं. ते म्हणाले, "बाळाजी, मला असलं काही विचारू नकोस." माझंही नाव बाळाजीच, हे सांगायचं राहिलं.

अठ्ठावन्न साली पिंपरीला औषधांच्या कारखान्यात बाटल्या धुण्याच्या आणि भरण्याच्या कामाला बायका घेऊ लागले. शालनबाई तिथं लागल्या. फायनल पास आहे म्हणून लिहिण्याचं काम द्या, असं त्यांनी विचारून पाहिलं होतं, पण ती जागा नव्हती. गोजाबाई नावाच्या बार्शीकडच्या एका विधवेबरोबर त्यांनी पिंपरीत खोली घेतली आणि पाळी बदलली की आठवड्यातून एकदा निघोज्याला यायच्या. मी मधे एकदा कामासाठी पुण्याला जाताना त्यांना भेटलो. पाण्यानं बोटांची कातडी पांढरी पडलेली. बरं चाललंय म्हणाल्या. कुरुळीच्या शाळेची चौकशी त्यांनी केली नाही आणि मीही काही सांगितलं नाही. गोजाबाईनं मला चहा दिला आणि या बाई झोपेत पाढे म्हणतात म्हणून हसली. शालनबाईही थोड्या हसल्या.

एकोणसाठच्या श्रावणात मुरारी गेला. तीन दिवस ताप आला होता, एवढंच. दहाव्याला मी गेलो. इंद्रायणीला पाणी होतं. घाटावर निघोज्याचे शेतकरी जमले होते, दौलतराव पाटील सगळं बघत होते. आळंदीहून कुणी आलं नाही. डोंगरात मी एका हिरडावाल्याबरोबर निरोप धाडला होता. तो सारजाबाईपर्यंत पोचला की नाही ते मला कळलं नाही. तिथूनही कुणी नव्हतं.

पिंडाची वेळ आली तेव्हा भटजींनी विचारलं, भाऊबंद कोण आहे? कुणीच पुढे झालं नाही. होणार कोण? गावातली माणसं दुसऱ्या जातीची, त्यांना मन असून पुढे होता येईना. दौलतरावांचे डोळे भरलेले दिसत होते. भटजींनी पुन्हा विचारलं. मग शालनबाईच पुढे होऊन बसल्या. भटजींनी दौलतरावांकडे पाहिलं, आणि ते मंत्र म्हणायला लागले. मुलीनं असं बसलेलं तिथं त्याआधी कुणी पाहिलं नव्हतं, पण कुणी हरकतही घेतली नाही. हरकत घ्यायला तिचं असं तिथं कुणी नव्हतंच. विधी होईपर्यंत त्यांनी मान वर केली नाही. रुक्मिणीबाई लांब बायकांत बसून होत्या.

शालनबाईंना तेराव्यापर्यंत रजा मिळाली नव्हती. दुसऱ्या दिवशी दुपारची पाळी. मला खेडला परतायचं होतं, त्यांना पुण्याकडे, म्हणून आम्ही चाकणपर्यंत बरोबर आलो. पाऊस भुरभुरत होता. त्यांची गाडी आधी लागली. खिडकीशी बसल्यावर त्यांनी विचारलं की वकीलसाहेबांची तब्येत कशी आहे, मधे बरी नव्हती असं ऐकलं.

आता बरी आहे, मी म्हणालो.

नमस्कार सांगा, त्या म्हणाल्या. गाडी सुटली.